डावखुरा शिपाई

उदगीरचे आमचे घरमालक कोणतीही गोष्ट सरळ बोलत नसत. आधी ते चेहरा करत. भुवया वर, डोळे मोठे, डावा हात छातीवर, मान जराशी तिरकी. मग थांबत. हा थांबा चांगला ऐसपैस असे. नवख्या माणसाला वाटे, यांना काहीतरी होतंय, कुणाला तरी हाक मारावी. आणि मग चेहऱ्यावरचं सगळं पुसून टाकून, नोटीस वाचून दाखवावी तशा कोरड्या आवाजात ते वाक्य बोलत. तेही एकदा बोलून भागत नसे. आधी मराठीत, मग दख्खनीत, मग कानडीत. दारावर आलेल्या भाजीवालीला 'आज नको' एवढं सांगायला त्यांना जो वेळ लागे, तेवढ्यात ती शेजारच्या दोन घरी वांगी विकून परत आलेली असे.

मी अर्धापूरचा. नोकरी लागली तेव्हा लातूर जिल्हा नुकताच उस्मानाबादपासून सुटा झाला होता. ऑफिसातल्या कपाटांवर अजून जुन्या जिल्ह्याची नावं होती, त्यावर कागद चिकटवून नवं नाव लिहिलेलं, आणि उन्हानं डिंक सुटला की खालून पुन्हा उस्मानाबाद बाहेर येई. पाऊस म्हणाल तर त्यानं या नव्या जिल्ह्याची दखलच घेतली नव्हती. मला उदगीरला तहसील कचेरीत टंचाई शाखेत टाकलं. कोणत्या गावाला टँकर गेला, कोणत्या गावाला गेला नाही, आणि न गेलेल्या गावचे लोक किती चिडलेत, हे साहेबांना सांगणं माझं काम. केळीच्या गावातून मी अशा ठिकाणी आलो की जिथं पाहुण्याला पाणी विचारायलाही लोक कचरत.

खोली शोधताना मला एका ठरावीक चेहऱ्याची सवय झाली होती. मालक खोली दाखवत, भाडं सांगत, गाव विचारत आणि मग सहज विचारल्यासारखं आडनाव विचारत. आडनाव ऐकलं की चेहरा बदले, थोडा वेळ कुणी बोलत नसे, आणि मग एखादा पुतण्या निघे. खोली म्हणे आधीच त्या पुतण्याला कबूल केलेली. उदगिरात एवढे पुतणे बिनघराचे असतील असं मला वाटलं नव्हतं. तर या मालकांनीही आडनाव ऐकलं. भुवया वर नेल्या, डोळे मोठे केले, डावा हात छातीवर ठेवला आणि थांबले. मी पिशवी उचलली आणि पुतण्याची वाट बघत उभा राहिलो.

"पाणी मोजून वापरायचं बगा," ते म्हणाले. मग, "पानी नाप को वापरना." मग तेच कानडीत.

पुतण्या आलाच नाही. मी पिशवी खाली ठेवली, आणि बदली होईपर्यंत तिथंच राहिलो. त्यांनी माझं आडनाव पुन्हा कधी उच्चारलं नाही, नावही नाही. ते मला 'अर्धापूर' म्हणत. काय अर्धापूर, चा झाला का. अर्धापूर, टँकर कुठवर आला. मी सुट्टीहून येताना केळीचा एखादा घड आणत असे, तेव्हा आमच्या गावाचं नाव त्या घरात फार प्रेमानं घेतलं जाई.

पाणी मोजून वापरायला सांगणारा हा माणूस स्वतः मात्र दिवसभर पाणी सांडत असे. कारण तो सगळं डाव्या हातानं करी आणि डावा हात त्याच्या मुळीच ताब्यात नव्हता. चहाची बशी डाव्या हातात घेतली की अर्धा चहा सदऱ्यावर. कुलपात किल्ली घालायला डावा हात, म्हणून दार उघडेपर्यंत आम्ही उन्हात उभे. तांब्या डाव्या हातानं उचलला की ओट्यावर ओल ठरलेली. मला वाटे, उजव्या हाताला वाताबिताचा काही त्रास असावा. पण एकदा अंगणात साप निघाला, तेव्हा अक्का घरात नव्हत्या, आणि मालकांनी उजव्या हातानं काठी घेऊन एका फटक्यात त्याचा निकाल लावला. मी हाताबद्दल विचारलं, तर त्यांनी चेहरा केला, पण पुढचं वाक्य काही आलं नाही.

अक्का म्हणजे त्यांची बायको. सगळी गल्लीच त्यांना अक्का म्हणे. खरं सांगायचं तर घर अक्कांचं होतं. अक्कांचे वडील अडत व्यापारी, अक्का एकुलत्या, आणि मालक त्या घरात घरजावई म्हणून आलेले. त्या काळात तसं येणं पुरुषाला शोभत नसे, पण मालक ते फुशारकीनं सांगत. ते म्हणत, मी जागचा हललो न्हाई, पण जिल्हे तीन झाले. आधी बिदर, मग उस्मानाबाद, आता लातूर. घर मात्र एकच, तिचं.

अक्का मोजकं बोलत. मात्र त्यांच्या बोलण्यात एक शहजादी फार येई. नातीला सासरचे काही बोलले, तर अक्का म्हणत, शहजादी गडाखाली उतरली होती का? त्या शहजादीच्या जोरावर त्यांनी नातजावयाला निलंग्याहून उचलून उदगिरात आणला होता आणि समोरच्याच गल्लीत किराणा दुकान काढून दिलं होतं. तो बिचारा रोज सकाळी आपल्या गावाकडं बघून सुस्कारा टाकी, पण गेला कुठंच नाही. ही शहजादी कोण, तर एका जुन्या मूक पिक्चरमधली. मालक तरुण असताना, निजामाच्या राजवटीत, उदगिरात एक तंबू आला होता आणि त्यात हा पिक्चर चालला होता. त्याचं खरं नाव मी इथं देत नाही, कारण उदगिरात त्याला कुणीच त्या नावानं ओळखत नव्हतं. सगळे 'शहजादीचा खेळ' म्हणत. एक गड, त्यातल्या किल्लेदाराची मुलगी, आणि तिच्यावर जीव जडलेला शत्रूकडचा एक शिपाई, असं ते प्रकरण.

मालक त्या तंबूत पाट्या वाचत. मूक पिक्चरमध्ये माणसं नुसती ओठ हलवतात, मग पडद्यावर अक्षरं येतात. ती वाचता येणारे लोक तंबूत नव्हतेच, म्हणून वाचायला माणूस ठेवत. मालक मदरशात उर्दू शिकलेले. ते पडद्याच्या कडेच्या बांबूला धरून उभे राहत आणि प्रत्येक पाटी समोर डावीकडच्यांसाठी मराठीत, उजवीकडच्यांसाठी दख्खनीत वाचत. मग बांबूच्या आडून डोकं पलीकडं घालून कानडीत वाचत. पलीकडं, म्हणजे पडद्याच्या मागं, बायका बसत, आणि त्यात कानडी बोलणाऱ्या जास्त. पडदा धोतराच्या कापडाचा. खेळाआधी त्यावर पाणी मारून तो भिजवत, म्हणजे चित्र आरपार दिसे. एवढं कळल्यावर मला मालकांच्या चेहऱ्याचा उलगडा झाला. आधी चित्र, मग थांबा, मग पाटी, ती तीन भाषांत. तंबू गेला तरी ते बांबूपाशीच उभे होते.

संध्याकाळी ओट्यावर दोन म्हातारे येत. एक चौकात घड्याळं दुरुस्त करणारे चाचा आणि दुसरे रिटायर झालेले गुरुजी. दोघांनीही तो खेळ त्याच तंबूत, एकाच बैठकीत बघितलेला. आणि शेवट काय झाला यावर दोघं तरुणपणापासून भांडत होते. चाचांचं म्हणणं, शिपाई छातीवर बाण झेलून शहजादीच्या मांडीवर मरतो आणि ती त्याच्या कबरीवर दिवा लावत जन्म काढते. हे सांगताना चाचांचे डोळे भरत. गुरुजींचं म्हणणं, मरतो कसला, तो मुळात राजपुत्र निघतो, गड सर होतो आणि हत्तीवरून वरात निघते. गुरुजी हत्तीच्या झुलीचा रंगसुद्धा सांगत. चाचांना गुरुजींच्या डोळ्यांबद्दल शंका होती, गुरुजींना चाचांच्या डोक्याबद्दल. शेवटी दोघं मालकांकडं वळत. मालक चेहरा करत, थांबत, आणि सांगत की दोघांचंही बरोबर आहे. याला सगळे त्यांचा भिडस्तपणा समजत.

मग आतून अक्कांचा आवाज येई, "शिपाई डावखुरा होता." एवढंच. यावर मात्र चाचा आणि गुरुजी यांचं एकमत होई की अक्कांना नीट आठवत नाही.

अशातच नव्या जिल्ह्याच्या वाढदिवसाचे कार्यक्रम ठरले. लातूरला मोठं भाषण, अहमदपूरला कुस्त्या, आणि उदगीरच्या वाट्याला काय द्यावं हे कुणाला सुचेना. तेवढ्यात तहसीलदारसाहेबांच्या ओळखीनं पुण्याचे एक सर आले. त्यांना जुन्या पिक्चरांचा नाद. त्यांच्याकडं शहजादीच्या खेळाची प्रत होती, सगळी रिळं शाबूत, शेवटासकट. पिक्चरमधला गड म्हणजे आपलाच किल्ला, असं कुणीतरी साहेबांच्या कानावर घातलं होतं. कचेरीतला आमचा कंधारचा शिपाई शपथेवर सांगत होता की तो कंधारचा आहे. सर म्हणाले, तो मुंबईत रंगवलेला कापडी गड आहे, पण त्यांचं कुणी ऐकलं नाही. शाळेच्या मैदानावर खेळ ठरला. चाचा आणि गुरुजी दोघांनीही नवे सदरे शिवायला टाकले.

मी ही बातमी घरी सांगितली. अक्कांनी निवडायला घेतलेली तूर बाजूला ठेवली आणि म्हणाल्या, मी येणार. मालकांनी चेहरा केला. तो चेहरा मी त्याआधी कधी बघितला नव्हता, आणि तो जेवणापर्यंत तसाच राहिला.

दुसऱ्या दिवसापासून ते कामाला लागले. आधी तहसीलदारसाहेबांकडं जाऊन सांगितलं की या खेळावरून गावात मारामाऱ्या होतील. साहेबांना तो म्हातारा वाक्य पूर्ण करेपर्यंत धीर निघाला नाही, त्यांनी मराठी ऐकून घंटी वाजवली. मग मालक सरांना गाठून म्हणाले, पिक्चर अगदी टाकाऊ आहे. सरांनी विचारलं, तुम्हाला कसं ठाऊक? तर बोलण्याच्या ओघात तंबू, बांबू, पाट्या सगळं बाहेर आलं. सर खुर्चीतून उठले आणि त्यांनी मालकांचे पायच धरले. असा माणूस ते म्हणे आयुष्यभर शोधत होते. झालं. खेळ बंद पाडायला गेलेला माणूस पाट्या वाचायचं कबूल करून, गळ्यात हार घालून परत आला.

त्या दुपारी ते मला परसातल्या आटलेल्या विहिरीपाशी घेऊन गेले. तिथं काठावर बसून त्यांनी मला जे सांगितलं ते तीन भाषांत सांगितलं, म्हणून मला ते पक्कं आठवतंय. शेवटचं रीळ उदगिरात आलंच नव्हतं. तंबू बिदरहून येताना मांजरा ओलांडायची होती. नदीला तेव्हा पाणी असे. गाडी कलंडली आणि शेवटच्या रिळाचा डबा वाहून गेला. शहजादी खिडकी उघडते, खाली शिपाई उभा, इथपर्यंत चित्र चाले आणि मग पडदा पांढरा. तंबूवाल्यानं मालकांना सांगितलं, खेळ पुरा झाला पाहिजे, तोंडानं कर. मालक तेव्हा विशीच्या आतबाहेर. त्यांनी उजवीकडच्यांना रडायला आवडतं म्हणून रडवलं. डावीकडच्यांना जिंकायला आवडतं म्हणून जिंकवलं. मग बांबूच्या आडून डोकं पलीकडं घातलं. तिथं बायका मध्यंतरात सासरची गाऱ्हाणी सांगत बसलेल्या त्यांनी ऐकल्या होत्या. त्यांना त्यांनी सांगितलं की शहजादी खिडकीतून म्हणाली, मी गड सोडून येणार नाही. तुला यायचं तर तू ये, तलवार खाली ठेव आणि सांगेन ते काम कर. शिपायानं तलवार ठेवली आणि मान खाली घालून आत गेला.

बायकांनी बांगड्या फुटेस्तोवर टाळ्या दिल्या. त्यात पुढं बसलेली एक मुलगी नुसतीच बघत होती. ती पुन्हा आली, आणि पुन्हा आली. तंबू हलायच्या आत तिच्या वडिलांचा लग्नाचा निरोप आला. लग्नानंतर ती एकदा म्हणाली की तो डावखुरा शिपाई मला फार आवडला. मागून सगळं उलटं दिसतं, त्याच्या उजव्या हातातली तलवार तिला डाव्या हातात दिसलेली. मालकांनी ते तिला सांगितलं नाही. दुसऱ्या दिवसापासून डाव्या हातानं चहा प्यायला लागले.

"तिला खोटं चालत न्हाई," ते म्हणाले. हे मला माहीत होतं. दूधवाल्यानं दुधात पाणी घातलं याला अक्कांची हरकत नव्हती, पण विचारल्यावर तो नाही म्हणाला. तेव्हापासून अक्का त्याच्याशी बोलत नव्हत्या. दूध त्याच्याकडूनच घेत, पण मधे मालकांना उभं करून. "पन्नास वर्सं ती माझ्याशी बोलून राहिली, अर्धापूर. थोडंच बोलती, पण बोलती. आता बंद झाली तर मी काय ऐकू?"

हे मात्र त्यांनी तीनदा नाही सांगितलं. मला वाईट वाटलं, आणि खरं सांगतो, हसूही येत होतं. पन्नास वर्षं चुकीच्या हातानं चहा पिणारा माणूस बायकोला घाबरतो की तिच्यावर जीव टाकतो, हे मला त्या वयात कळत नव्हतं. आताही पुरतं कळलंय असं नाही.

त्यांनी एक युक्ती काढली होती. चित्राचं काय, सांगू ते म्हणतं, असा त्यांचा सिद्धांत होता. पडदा कापडी लावायचा, भिजवायचा, आणि जुन्या पद्धतीनं बायकांना मागं बसवायचं. म्हणजे शिपाई डावखुराच राहील. अक्षरं उलटी, ती कुणाला लागायची नाहीत. शेवटच्या रिळात काही का असेना, बांबूच्या आडून कानडीत ते आपलाच शेवट सांगतील. सरांना जुनी पद्धत म्हटल्यावर भरून आलं. अडचण एकच, पाणी. तहसीलदारसाहेब म्हणाले, माणसांना प्यायला नाही, पडद्याला कुठून आणू? मालकांनी माझ्याकडं बघून चेहरा केला. मी म्हणालो, मालक, टँकरचा थेंबही मला हलवता येत नाही.

अक्का ऐकत होत्या. त्यांनी न्हाणीतल्या पिंपाकडं बोट दाखवलं. माझ्या वाटणीचं घ्या, म्हणाल्या, माझी अंघोळ राहू द्या. ज्या पडद्याच्या जोरावर त्यांच्यापासून खरं लपवायचं त्याच पडद्यासाठी त्या आपलं पाणी देत होत्या. मालकांनी घागरी भरल्या आणि भरताना भरपूर सांडलं.

खेळाला आख्खं उदगीर लोटलं. दिवस मावळून अंधार पडताच पडद्यावर पाणी मारलं. गरम वाऱ्यानं कापड सारखं वाळे, म्हणून घागर घेऊन मला बांबूपाशी बसवलं होतं. त्यामुळं मला दोन्ही बाजू दिसत होत्या. पुढं डावीकडं गुरुजी, उजवीकडं चाचा, नव्या सदऱ्यांत. मागं बायका, आणि सगळ्यांच्या पुढं अक्का. मालक बांबूला धरून उभे राहिले, आणि पहिली पाटी आली तशी त्यांची पाठ सरळ झाली. काय वाचलं त्यांनी. त्या कोरड्या आवाजात काय जादू होती ते मला तेव्हा कळलं. मराठी झाली की डावीकडची माणसं हलत, दख्खनी झाली की उजवीकडची, आणि मग डोकं पलीकडं गेलं की मागून बांगड्या वाजत. रोज ज्या बोलण्यानं आम्ही वैतागायचो ते बोलणं तिथं चपखल बसत होतं.

शहजादीनं खिडकी उघडली. मालकांचा हात बांबूवर घट्ट झाला. यापुढचं त्यांनीही कधी बघितलं नव्हतं. पडदा पांढरा झाला नाही. खालून शिपाई काहीतरी म्हणाला, शहजादी जिना उतरून धावत आली, आणि तटावरून कुणीतरी सोडलेला बाण तिला लागला. ती पायऱ्यांवर पडली. शिपायानं तिचं डोकं मांडीवर घेतलं. पाटी आली. मालकांनी चेहरा केला, भुवया वर, डोळे मोठे. थांबले. पाटी निघून गेली. दुसरी आली, तीही गेली. चाचा गुरुजींकडं बघत होते, गुरुजी चाचांकडं. दोघांनाही आपापला शेवट सापडत नव्हता. मालकांनी बांबूच्या आडून डोकं पलीकडं घातलं, तोंड उघडलं आणि तसेच राहिले. छातीत बाण शिरलेल्या पोरीबद्दल काय सांगणार? चित्र काही केल्या सांगू ते म्हणायला तयार नव्हतं.

तेव्हा पडद्यामागून अक्का बोलल्या.

"आकी सत्तिल्ल." मग पुढच्यांना ऐकू जावं म्हणून आवाज चढवून, "मेली न्हाई ती. दमलीय. त्याला म्हणावं पाणी आण." आणि मग उजवीकडच्यांसाठी, "मरी नै. पानी लाव बोलो उसकू."

आधी मागच्या बायका हसल्या, मग पुढची माणसं. पडद्यावर शिपाई रडत होता, हुंदक्यांनी त्याची मान खालीवर होत होती.

"बघा," अक्का म्हणाल्या, "मान हलवून राहिला. हाव म्हणतोय."

टाळ्या पडल्या. चाचांनी दिल्या, गुरुजींनी दिल्या, पुण्याच्या सरांनी तर उभं राहून दिल्या. तेवढ्यात पिक्चर संपला, आणि शहजादी जिवंत आहे याबद्दल त्या मैदानावर कुणालाच शंका उरली नाही.

आम्ही तिघं घरी आलो. मी रिकामी घागर घेऊन मागं, मालक मधे, अक्का पुढं. अक्का ओट्यावर टेकल्या. मालक समोर उभे राहिले, आणि पहिल्यांदाच मी त्यांना चेहरा न करता बोलताना ऐकलं. "तुला ठावं होतं?"

"बिदरला मामाच्या घरी असताना बघितलता मी हा खेळ," अक्का म्हणाल्या. "इथं यायच्या आधी. तिथं रीळ शाबूत होतं. मेली ती. माझं जेवण गेलं. मग इथं तंबू आला. म्हणलं, परत बघावं, कुठं चुकली ती. तर बांबूच्या आडून एक डोकं आलं, अन् म्हणलं, मेली न्हाई, गड तिचाच हाय." मग त्या म्हणाल्या, "दूधवाला स्वतःसाठी खोटं बोलला. तुम्ही त्या पोरीसाठी बोललात."

मालक आत गेले आणि तांब्या भरून घेऊन आले. नेहमीसारखा डाव्या हातात, नेहमीसारखं पाणी काठावरून ओघळत.

"आता उजव्या हातानं द्या," अक्का म्हणाल्या. "किती वर्सं सांडून राहिलात. गावात पाणी न्हाई."

मालकांनी आपल्या हाताकडं बघितलं. मग तांब्या उजव्या हातात घेतला आणि पुढं केला. त्यातून एक थेंब सांडला नाही.

"घे," ते म्हणाले. एकदाच.